साक्षीदाराचं धुकं

विल्मोश झिग्मोंड या हंगेरियन कॅमेरामनच्या कारकिर्दीची सुरुवात १९५६ सालच्या बुडापेस्टमध्ये होते. रस्त्यावर सोव्हिएत रणगाडे, आणि लपवून नेलेल्या कॅमेऱ्यातून त्यांचं चित्रण. पुढे सत्तरच्या दशकात अमेरिकेत त्यांनी असे चित्रपट टिपले, ज्यांत धूर, धुकं, फिके रंग आणि दिव्यांचा मंद उजेड यांनीच गोष्ट सांगितली. या दोन कामांचं एकमेकांशी नातं काय? की ते मुळात नाहीच? हा वाद दोन सिनेमावाल्यांमधला आहे. आत्या निवृत्त संकलक. फिल्म हातात धरून कापणाऱ्या पिढीतली. मिहिर तिचा भाचा, आज डिजिटल कॅमेऱ्यावर काम करणारा डीओपी, म्हणजे कॅमेरामन. वाद मी इथे पूर्ण देतो आहे, कारण कॅमेरामनकडे काय मागायचं हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो आणि झिग्मोंडच्या निमित्ताने तो जितका टोकदार होतो तितका क्वचितच कुणाच्या निमित्ताने होतो.

आत्या: मला त्याचं काय खटकतं ते आधीच सांगते. या मुलाने बुडापेस्टमध्ये जे घडतंय ते जगाला स्पष्ट दिसावं म्हणून जीव धोक्यात घातला. आणि मग अमेरिकेत जाऊन आयुष्यभर चित्र अस्पष्ट करत राहिला. फिल्टर लाव, धूर सोड, निगेटिव्ह फिकी कर. यात मला घसरण दिसते, मिहिर.

मिहिर: घसरण म्हणायला आधी तो वर होता हे मान्य करावं लागेल. तू वर कशाला म्हणतेस?

आत्या: त्या ३०,००० फूट फिल्मला. २३ ऑक्टोबर १९५६ला उठाव सुरू झाला, ४ नोव्हेंबरला रणगाडे शहरात घुसले. झिग्मोंड २६ वर्षांचा. त्याच्याबरोबर त्याच्याच फिल्म स्कूलमधला लास्लो कोवाच, २३ वर्षांचा. शाळेचा अ‍ॅरिफ्लेक्स, शाळेचीच फिल्म. कॅमेरा पिशवीत लपवून हे दोघे रस्त्यावर फिरले. पकडले गेले असते तर काय झालं असतं हे सांगायला नको. नोव्हेंबरमध्येच ती सगळी फिल्म घेऊन ते सीमा ओलांडून ऑस्ट्रियात गेले. आता हिशेब कर. पस्तीस मिलिमीटरचं हजार फुटांचं रीळ म्हणजे अकरा मिनिटं. ३०,००० फूट म्हणजे साडेपाच तास. आणि डबे उचललेत ना मी आयुष्यभर, त्या वजनाची मला कल्पना आहे. अंगावर कपडे घेऊन पळायचं सोडून माणसं हे ओझं वाहतात, तेव्हा त्या फिल्मवर काय आहे हे त्यांच्यासाठी स्वतःपेक्षा मोठं असतं. तिथे लायटिंग नाही, ट्रॉली नाही, दुसरा टेक नाही. मी संकलक आहे. मला असं फुटेज मिळालं असतं तर मी हात जोडले असते.

मिहिर: मीही जोडतो. पण त्या फुटेजचं पुढे काय झालं तेही सांग ना. ते पश्चिमेत पोहोचले तोवर बातमी शिळी झाली होती. त्या फिल्मला धड गिऱ्हाईक मिळालं नाही. सीबीएसच्या माहितीपटात ते चित्रण आलं १९६१ साली, वॉल्टर क्रॉन्काइटच्या निवेदनासह. पाच वर्षांनी! म्हणजे इतकं स्पष्ट, इतकं खरं चित्रण असूनही त्या वेळी कुणाला पाहायचं नव्हतं. माझ्या मते झिग्मोंडने तिथे एक धडा घेतला असणार. नुसतं खरं टिपणं पुरत नाही. प्रेक्षकाला पाहायला लावावं लागतं.

आत्या: हा तुझा अंदाज झाला.

मिहिर: अंदाजच आहे, पण कामाकडे पाहून काढलेला. आणि दुसरी गोष्ट. मऊ प्रकाशाचं वेड त्याला अमेरिकेने लावलं नाही. सेगेदमध्ये वाढलेला मुलगा, वडील फुटबॉलवाले. सतराव्या वर्षी आजारी पडला तेव्हा त्याच्या हाती येनो डुलोविच यांचं छायाचित्रणावरचं पुस्तक आलं आणि तिथून नाद लागला. हे डुलोविच कोण? चित्राच्या कडा मृदू करणारी डूटो नावाचं भिंग ज्यांनी बनवलं, ते. म्हणजे या मुलाने कॅमेऱ्याची बाराखडी गिरवली तीच मुळी 'प्रकाश कसा पसरतो' या प्रश्नापासून. बुडापेस्टच्या फिल्म स्कूलमध्ये शिक्षक ज्यॉर्जी इलेश. हंगेरीतल्या कॅमेरामनच्या पिढ्या त्यांच्या हाताखालून गेल्या. प्रकाश कुठून येतो हे दाखव, आणि तो का येतो हेही, अशी ती घडण. १९५६चे ते दिवस अपवादाचे होते. तू अपवादाला नियम धरते आहेस.

आत्या: ठीक. पुस्तकाचा मुद्दा मला माहीत नव्हता, तो घेते. पण मग अमेरिकेत पहिली वर्षं त्याने काय केलं? तिथे कुठे होता हा मृदू प्रकाश?

मिहिर: तिथे प्रकाशच नव्हता, काम नव्हतं! हॉलिवूडच्या कॅमेरामन युनियनमध्ये बाहेरच्याला शिरकाव नाही. झिग्मोंडने फोटो लॅबमध्ये काम केलं. कोवाच मायक्रोफिल्म बनवत होता. मग दोघेही युनियनबाहेरच्या अगदी स्वस्त चित्रपटांत शिरले. झिग्मोंडचं नाव श्रेयनामावलीत विल्यम झिग्मोंड असं यायचं. १९६३चा 'द सेडिस्ट' बघ. कृष्णधवल, जवळजवळ सगळा एका भंगार गाड्यांच्या आवारात, भर उन्हात. पैसे नाहीत, दिवे नाहीत, तर ऊनच शस्त्र केलं आहे. आणि मला विचारशील तर लॅबमधली ती वर्षं वाया गेली नाहीत. निगेटिव्हला किती ताण सोसतो, प्रिंटरवर काय बदलता येतं, काय नाही, हे ज्याला माहीत आहे तोच पुढे तिच्याशी इतके धाडसाचे खेळ करू शकतो.

आत्या: कोवाच तुझ्या वादातून सारखा निसटतोय. 'ईझी रायडर' १९६९चा, तो कोवाचचा. दार त्याने उघडलं. लेन्सवर थेट आलेलं ऊन त्याने तसंच ठेवलं, जे तोवर चूक मानलं जायचं. 'फाइव्ह ईझी पीसेस', 'पेपर मून' त्याचेच. आणि ऑस्करचं साधं नामांकनही त्याला कधी मिळालं नाही. झिग्मोंडला मिळाली चार, त्यातलं एक पारितोषिक. मला तर कोवाचचं काम अधिक आवडतं. तो माणसांकडे बघतो. झिग्मोंड हवेकडे बघतो.

मिहिर: कोवाचवर अन्याय झाला, याबद्दल माझं काहीच म्हणणं नाही. पण 'हवेकडे बघतो' हे तू दोष म्हणून म्हणालीस, मी ते गुण म्हणून घेतो. आपण 'मॅकेब अँड मिसेस मिलर'वर येऊ. १९७१, दिग्दर्शक रॉबर्ट ऑल्टमन. व्हँकूवरजवळ चित्रीकरण. गोष्ट १९०२ची, वॉशिंग्टन राज्यातलं एक खाणकामगारांचं गाव, जे चित्रपट चालू असतानाच आपल्यासमोर उभं राहत जातं.

आत्या: आणि ज्यात निम्मा वेळ मला चेहरे दिसत नाहीत.

मिहिर: तेलाच्या दिव्यात चेहरे दिसतात का? जुन्या वेस्टर्नमध्ये रात्रीच्या गुत्त्यात एक कंदील टांगलेला असतो आणि शंभर माणसांचे चेहरे लख्ख दिसतात. तो उजेड येतो कुठून? ते खोटं आपल्याला इतकं सवयीचं झालं होतं की त्यालाच आपण स्पष्टता म्हणत होतो. झिग्मोंडने ती मोडली. त्याने फ्लॅशिंग केलं. तुला माहीत आहे, पण वाचणाऱ्यांसाठी सांगतो. निगेटिव्ह डेव्हलप करण्याआधी तिला सगळीकडे सारखा असा अगदी थोडा प्रकाश दाखवायचा. चित्रातल्या उजळ जागांवर आधीच भरपूर प्रकाश पडलेला असतो, तिथे या थोड्याशा भरीने काही फरक पडत नाही. पण सावल्यांमध्ये प्रकाश नगण्य असतो, तिथे तेवढीच भर मोठी ठरते. काळा रंग काळाकुट्ट न राहता राखाडीकडे झुकतो, सावलीतलं काहीबाही दिसू लागतं, रंग फिके होतात. त्यावर फॉग फिल्टर. सगळा चित्रपट जुन्या, उन्हाने विटलेल्या फोटोसारखा दिसतो.

आत्या: लॅबमध्ये आम्ही 'फॉग' कशाला म्हणायचो माहीत आहे? डब्यात प्रकाश शिरून निगेटिव्ह बिघडली की. रिपोर्टवर तो शब्द आला की आमचा जीव जायचा. याने तो दोष पैसे खर्चून मागवला.

मिहिर: हो! आणि तो परत घेता येणार नाही अशा जागी करून घेतला, हीच माझ्या दृष्टीने त्याची सगळ्यात मोठी गोष्ट. हाच परिणाम प्रिंट काढताना थोडाफार साधता आला असता. मग निगेटिव्ह सुरक्षित राहिली असती. पण तसं केलं असतं तर स्टुडिओच्या कुणीतरी एक दिवस म्हटलं असतं, जरा उजळ काढा, रंग वाढवा. ऑल्टमनला आणि त्याला हेच टाळायचं होतं. रशेस, म्हणजे रोजचं कच्चं चित्रण, बघून वॉर्नर ब्रदर्सची माणसं घाबरली, तेव्हा त्यांना सांगण्यात आलं की व्हँकूवरची लॅब धड नाही, हॉलिवूडला आल्यावर नीट होईल. झिग्मोंड ही हकिगत पुढे रंगवून सांगत असे. नीट होणार नव्हतंच. जे होतं ते निगेटिव्हवरच होतं.

आत्या: इथे मी तुझ्याशी थोडी सहमत आहे, आणि त्याचं कारण धुकं नाही. मॅकेब हा माणूस कसा आहे? त्याला वाटतं की आपल्याला सगळं कळतं. खाण कंपनीची माणसं त्याचा धंदा विकत घ्यायला येतात, तो भाव वाढवायला जातो. समोर मरण उभं आहे हे त्याला दिसत नाही. ज्याला दिसत नाही त्याच्या गोष्टीत प्रेक्षकालाही जरा कमी दिसावं, हे मला पटतं. शेवटी बर्फात त्याची शिकार चालली आहे आणि तिकडे सगळं गाव चर्चची आग विझवायला धावतंय. ते मागेपुढे जोडणं लू लोम्बार्डोचं, आणि त्या संकलनाशिवाय तुझा बर्फ नुसता बर्फ राहिला असता.

मिहिर: आणि तो बर्फ खरा पडला म्हणून लोम्बार्डोला जोडायला काही मिळालं. असो. मला तुझ्याकडून एवढंच हवं होतं, की इथे धुकं सजावटीचं नाही.

आत्या: 'मॅकेब'पुरतं म्हणाले मी. दोन वर्षांनी 'द लाँग गुडबाय' आला, त्यातही तेच फ्लॅशिंग, आणि वर कॅमेरा एक क्षण स्थिर नाही. पात्रं बसली असोत की उभी, कॅमेरा सरकतोच आहे, झूम होतोच आहे. असे शॉट कापायला बसणाऱ्याला विचार. सरकत्या शॉटला सरकता शॉट जोडायचा म्हणजे वेग जुळला पाहिजे, दिशा जुळली पाहिजे. लोम्बार्डोने जुळवलं, त्याचं कौतुक.

मिहिर: समीक्षकांनी मात्र त्या वर्षी कौतुक झिग्मोंडचं केलं, नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्सचं पारितोषिक दिलं. त्यातला फिलिप मार्लो हा जुन्या काळातला गुप्तहेर सत्तरच्या दशकातल्या लॉस एंजेलिसमध्ये वाट चुकल्यासारखा वावरतो, त्याच्या पायाखाली काहीच स्थिर नाही. आणि मधल्या वर्षात 'डेलिव्हरन्स' आहे. जॉर्जियातली नदी, दाट रान. दिग्दर्शक जॉन बूरमन. रान इतकं हिरवं होतं की सहलीचं चित्र वाटलं असतं, म्हणून लॅबमध्ये रंग उतरवले. चार शहरी माणसांवर काय गुदरणार आहे हे त्या विझलेल्या हिरव्यात आधीच आहे. तीन चित्रपटांत तीन वेगळी कारणं. आवडतो म्हणून धूर सोडणारा माणूस असा विचार करत नाही.

आत्या: बरं. मग आपण त्याच्या ऑस्करकडे येऊ, कारण तिथे मला वेगळाच प्रश्न आहे. 'क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड', १९७७. पारितोषिक एकट्या झिग्मोंडला. पण त्यात हिंदुस्थानातला तो प्रसंग आठव, हजारो माणसं आकाशाकडे बोट दाखवतात तो. कथेत ते गाव उत्तरेत धरमशाला, प्रत्यक्षात आपल्या खालापूरजवळचं हाळ. तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातलं. तो प्रसंग चित्रित केला इंग्लिश कॅमेरामन डग्लस स्लोकोंब यांनी. शिवाय विल्यम फ्रेकर, जॉन अलोन्झो, आणि आपला कोवाच, इतक्यांनी त्या चित्रपटात भर घातली आहे. निर्मात्यांचं आणि झिग्मोंडचं बिनसलं होतं. मग ती बाहुली एकाच्या घरी कशी गेली? सिनेमाची प्रतिमा एका माणसाची असते हे मला कधीच पटलेलं नाही.

मिहिर: पारितोषिकांचा न्याय तोकडाच असतो. पण बिनसलं कशावरून ते बघ. अलाबामातल्या मोबाइल शहरात विमानांचं एक प्रचंड हँगर घेतलं होतं, यान उतरण्याचा शेवटचा प्रसंग तिथे झाला. झिग्मोंडने दिव्यांचा ढीग मागितला. निर्मात्यांना खर्च दिसत होता. त्याला काय दिसत होतं? यान तिथे नव्हतंच. ते डग्लस ट्रम्बलची माणसं नंतर, वेगळ्या फिल्मवर, नमुना बनवून टिपणार होती. पण त्या यानाचा उजेड माणसांच्या चेहऱ्यांवर त्याच रात्री पडायला हवा होता. जे अजून अस्तित्वात नाही त्याचा प्रकाश किती तीव्र, कुठल्या बाजूने, किती हलणारा, हे त्याने ठरवायचं होतं. आज कमी लावू, पुढे वाढवू, अशी सोय नव्हती. चेहऱ्यावर उजेड नसता तर नंतर कितीही सुंदर यान चिकटवलं असतं तरी ते खोटं दिसलं असतं. माझ्यासाठी 'मॅकेब' आणि 'क्लोज एन्काउंटर्स' ही एकाच हाताची कामं आहेत. एकात त्याने प्रकाश काढून घेतला, दुसऱ्यात ओतला. दोन्हीकडे निर्णय त्या क्षणी घेतला आणि मागे फिरायची वाट ठेवली नाही.

आत्या: हे तू चांगलं मांडलंस. चेहऱ्यांचंच म्हणशील तर माझा आवडता झिग्मोंड 'द डिअर हंटर'चा. १९७८. क्लीव्हलंडच्या पोलाद कारखान्यातली भट्टी, तिथल्या चर्चमधलं ते लांबलचक लग्न, मग थायलंडमध्ये उभं केलेलं व्हिएतनाम. रशियन रूलेटच्या प्रसंगात फिल्टर वगैरे काही आठवत नाही मला. घाम आठवतो, डोळे आठवतात. तिथे मला बुडापेस्टच्या रस्त्यावरचा तो मुलगा परत दिसतो. त्या वर्षी छायाचित्रणाचं ऑस्कर नेस्टर अल्मेंड्रोसला गेलं, 'डेज ऑफ हेवन'साठी, आणि 'डिअर हंटर'च्या संकलनाला मात्र मिळालं. ब्रिटिश अकादमीने पुढे झिग्मोंडलाही दिलं. पण त्याच दिग्दर्शकाबरोबर त्याने लगेच पुढचा चित्रपट केला, आणि तिथे माझा खटला उभा राहतो.

मिहिर: 'हेव्हन्स गेट'.

आत्या: 'हेव्हन्स गेट'. मायकेल चिमिनो. १९८०. वायोमिंगमधली १८९०च्या दशकातली गोष्ट. पूर्व युरोपातून आलेले गरीब शेतकरी आणि त्यांना मारायला माणसं पाठवणारे गुरांचे श्रीमंत मालक. विषय बघ! स्वतः निर्वासित असलेल्या हंगेरियन कॅमेरामनला याहून जवळचा विषय कुठला? आणि काय केलं यांनी? तेरा लाख फुटांच्या आसपास फिल्म चालवली. बुडापेस्टमध्ये त्याला एका देशाचा उठाव दाखवायला ३०,००० फूट पुरले. इथे तेरा लाख! खर्च गेला साडेचार कोटी डॉलर्सच्या घरात. न्यूयॉर्कला साडेतीन तासांहून लांब चित्रपट लागला, लगेच काढून घ्यावा लागला, पुढच्या वर्षी तासाहून अधिक कापून पुन्हा लावला, तरी पडला. युनायटेड आर्टिस्ट्ससारखी संस्था विकली गेली. मी तो बघते तेव्हा मला काय दिसतं? धूळ, धूर, मातकट पिवळा उजेड, खिडकीतून तिरपे येणारे पट्टे. प्रत्येक फ्रेम भिंतीवर लावावी अशी. आणि त्या धुळीमागे मरणारी माणसं मला एकसारखी दिसतात. मरणाऱ्या माणसाला नाव असतं, मिहिर. बुडापेस्टच्या फुटेजमध्ये मला धुळीपेक्षा माणूस आधी दिसतो.

मिहिर: तेरा लाख फूट झिग्मोंडने मागितले नव्हते. पन्नास-पन्नास टेक घेणारा दिग्दर्शक होता.

आत्या: 'बास' म्हणण्याचा अधिकार कॅमेरामनला नसतो का?

मिहिर: असतो, आणि तो वापरला तर पुढचं काम मिळत नाही, हेही तुला माहीत आहे. पण मी तुला वेगळं उत्तर देतो. हा चित्रपट तीसेक वर्षांनी, २०१२ला, नव्याने दुरुस्त करून व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला. ते काम चिमिनोच्या देखरेखीखाली झालं. तेव्हा त्याने तो मातकट पिवळेपणा काढून टाकला. रंग मोकळे, आकाश निळं. लोक म्हणाले, किती स्वच्छ दिसतो आता! मला धक्का बसला. १९८०ला ती छटा दोघांनी मिळून ठरवली होती. आता संगणकावर एकाने ती पुसली. तुला धूळ आवडत नाही हे मान्य. पण ती धूळ त्या दोघांचं म्हणणं होतं. ते चुकलं असेल, पण ते म्हणणं होतं. पुसल्यावर चित्रपट सुधारला की फक्त निरुत्तर झाला?

आत्या: मला विचारशील तर सुधारला. चेहरे दिसायला लागले. पण तुझा प्रश्न त्याहून मोठा आहे, मी टाळत नाही. मी टेबलवर हजारो शॉट कापले, तेव्हा निगेटिव्हला कात्री लागायच्या आधी दहादा विचार करायचे, कारण कापलेली फ्रेम परत जोडता येत नाही. त्या भीतीने आमची नजर घडवली. म्हणून त्याने निगेटिव्हवर केलेलं धाडस मला कळतं, त्याचा परिणाम न आवडला तरी. आता तू सांग. तू त्याचा भक्त. तुझ्या कॅमेऱ्यावर तू काय करतोस?

मिहिर: लॉगमध्ये शूट करतो. सगळेच करतात.

आत्या: म्हणजे फिकं, सपाट, सगळं जपून ठेवलेलं चित्र. नंतर डीआयला, म्हणजे संगणकावरच्या रंगकामाला, बसून ठरवायचं, पिवळं करू की निळं, रात्र करू की संध्याकाळ. तिथे दिग्दर्शक असतो, निर्माता असतो, वाहिनीची माणसं असतात. तू असतोसच असं नाही. गंमत बघ, लॉगचं ते फिकं चित्र दिसतं थेट झिग्मोंडच्या फ्लॅशिंगसारखं. काळा राखाडी, रंग उतरलेले. दिसायला तेच, पण अर्थाने नेमकं उलट. त्याने फिकेपणा आणला तो दुसरं काही करता येऊ नये म्हणून. तू आणतोस तो काहीही करता यावं म्हणून.

मिहिर: हे लागलं. पण एक बाजू माझीही ऐक. मी एका मालिकेचे आठ भाग करतो, ते फोनवर, टीव्हीवर, लॅपटॉपवर बघितले जातात. ढगाळ वातावरणात सुरू झालेला प्रसंग उन्हात संपवावा लागतो. हातात जास्त वाव ठेवणं म्हणजे भित्रेपणा नाही, ती आजची गरज आहे. झिग्मोंडनेही शेवटच्या वर्षांत डिजिटलला नावं ठेवत बसण्यापेक्षा युरी नेमन या कॅमेरामनबरोबर ग्लोबल सिनेमॅटोग्राफी इन्स्टिट्यूट काढली, तरुणांना नवी साधनं शिकवायला. ऐंशी ओलांडलेला माणूस होता तेव्हा. साधनाला तो कधीच घाबरला नाही.

आत्या: साधनाचा प्रश्नच नाही. मी विचारते आहे की ठरवतं कोण, आणि कधी. सेटवर उभं राहून 'हे असंच दिसणार' असं तू शेवटचं कधी म्हणालास? आणि ते टिकवण्यासाठी कुणाशी भांडलास?

मिहिर: मी आता एक करतो. सेटवरच्या मॉनिटरवर शेवटचा रंग ठरवून ठेवतो, दिग्दर्शकाला तोच दाखवतो, आणि दिवे असे लावतो की नंतर फार ओढताण केली तर चित्र फाटेल. सावली खरंच काळी ठेवतो. तिथे काही टिपलंच नाही, तर नंतर उजळणार काय? निगेटिव्ह माझ्या हातात नाही, पण दिवा आहे.

आत्या: मग तू त्याच्याकडून योग्य ते घेतलंस, धुकं घेतलं नाहीस. हे मला आवडलं. पण माझा मूळ मुद्दा मी सोडलेला नाही. ठाम निर्णय घेणं पुरेसं नाही. 'हेव्हन्स गेट'मध्येही तो ठामच होता. निर्णय कुणासाठी घेतला हे विचारावं लागतं. बुडापेस्टमध्ये तो त्या रस्त्यावरच्या माणसांसाठी होता. 'मॅकेब'मध्ये त्या वेड्या, गोड, आंधळ्या माणसासाठी. 'डिअर हंटर'मध्ये त्या तीन मित्रांसाठी. 'हेव्हन्स गेट'मध्ये तो चित्रासाठी होता.

मिहिर: आणि माझ्या मते तिथेही तो त्या निर्वासितांसाठीच होता. धुळीत हरवलेली माणसं, कारण इतिहासाने त्यांना तसंच हरवलं. तुला ते चेहरे एकसारखे दिसतात, मला ते एकसारखे करून टाकलेले दिसतात. आपलं इथे जुळणार नाही, आत्या.

आत्या: जुळायला नकोच. नंतरचं बरंच काम मला साधारण वाटतं. पण १९९२च्या 'स्टालिन' या दूरचित्रवाणी चित्रपटासाठी त्याला एमी मिळालं, आणि मला त्यात अर्थ दिसतो. ज्याच्या साम्राज्याच्या रणगाड्यांपासून पळाला, त्याच्याच चेहऱ्यावर प्रकाश टाकायची वेळ आली.

मिहिर: आणि २००१ला हंगेरीत जाऊन त्याने 'बांक बान' केला, एर्केलच्या राष्ट्रीय ऑपेरावरचा चित्रपट. १ जानेवारी २०१६ला तो कॅलिफोर्नियात गेला, तोवर कॅमेरामन संघटनेने त्याला इतिहासातल्या सर्वाधिक प्रभावी दहा कॅमेरामनमध्ये धरलं होतं. पण या यादीने तुझा प्रश्न सुटत नाही, हे खरं.

आत्या: नाहीच सुटत. म्हणून तुला एक सुचवते. तू ते कार्यशाळेत शिकवायला जातोस ना? मुलांना 'मॅकेब'चे सुंदर शॉट दाखवून थांबू नकोस. आधी १९५६चं बुडापेस्ट दाखव, मग 'मॅकेब', मग 'हेव्हन्स गेट', दोन्ही रंगांतला. कॅमेरामन एकच आहे हे सांग. आणि प्रत्येकाला लिहायला सांग, की या तिन्ही ठिकाणी काय परत घेता येणार नव्हतं, आणि ते कुणाच्या बाजूने पणाला लावलं होतं.

मिहिर: सांगेन. पण 'हेव्हन्स गेट'बद्दल माझं मत मी शेवटी सांगणार, तुझं आधी.

आत्या: चालेल. माझं नाव घेऊन सांग. पटलं नाही तर त्यांनी तुझ्याशीच नव्हे, माझ्याशीही भांडायला यावं. लेन्स, फिल्टर, लॉग हे त्यांना कुणीही शिकवेल. आपल्या चित्रासाठी उत्तर द्यायची तयारी मात्र अशा भांडणातूनच येते, आणि झिग्मोंडच्या कामात मला ती सगळीकडे दिसली. जिथे मला तो चुकला असं वाटतं, तिथेसुद्धा.